जनकाबाईच्या मरणाची खोटी खबर

पहिल्यांदा टोच बसली तेव्हा जनकाबाईला वाटलं, कोण्या पोट्ट्यानं खडा मारला. शाळेच्या आवारात बसून ती खिचडीचे तांदूळ निवडत होती. मागं वळून चार शिव्या हासडणार, तेवढ्यात डोक्यावरून काळं काहीतरी सप्पकन गेलं आणि लिंबावर जाऊन बसलं. बसलं आणि बोंबलायला लागलं. मग दुसरा आला, तिसरा आला. चारपाच कावळ्यांनी मिळून असा कालवा मांडला की वर्गातली पोरं खिडकीला लटकली.

ह्याचं मूळ दोन दिवस आधीचं. शाळा उघडून आठवडाच झाला होता. लिंबावरच्या खोप्यातून कावळ्याचं पिल्लू खाली पडलं आणि पोरं त्याला काडीनं टोचत बसली. जनकाबाईनं पोरांना हाकललं, पिल्लू पदरात घेतलं आणि मांजराच्या तोंडी जाऊ नये म्हणून भिंतीवर नेऊन ठेवलं. संध्याकाळपर्यंत पिल्लू मेलं. वरून पाहणाऱ्या कावळ्यांना एवढंच दिसलं की आपलं पिल्लू ह्या बाईच्या हातात होतं आणि मग ते मेलं. त्यांचं तरी काय चुकलं? गावातल्या माणसांनीही जनकाबाईबद्दल एवढ्याच पुराव्यावर मत बनवलेलं होतं.

गाव वरवट बकालपासून पाचसहा किलोमीटर आत, घाटाखालचं. बुलडाणा जिल्ह्याचे दोन तुकडे आहेत, एक घाटावरचा आणि एक घाटाखालचा, आणि ह्या तुकड्यातल्याला त्या तुकड्यातल्याची भाजी, बोली, पाणी काहीच पटत नाही. जनकाबाई घाटावरची, पार जालन्याच्या शिवेजवळची. एकोणिसाव्या वर्षी जानरावची नवरी होऊन इथं उतरली. त्याला पस्तीस वर्षं झाली. इथल्या शेतात निंदलं, इथल्या विहारात वंदना म्हटली, आता शाळेत खिचडी शिजवते, पण गावात तिचं नाव आजही ‘घाटावरची’. कोणाची म्हैस आटली तरी कोणीतरी हळूच म्हणायचं, काल घाटावरची दारावरून गेली होती. ती इथल्यासारखं ‘मले, तुले’ बोलायला शिकली. पण भेव लागलं की तोंडातून ‘मला’ निघायचं आणि बाया फिदीफिदी हसायच्या.

टोच बसली त्या संध्याकाळी ती हापशीवर गेली ती डोक्यावर पदर घट्ट ओढून.

“काय वं घाटावरचे, एवढा पदर काऊन घेतला? पाव्हणे आले का?”

“कावया शिवला,” जनकाबाई बोलून गेली.

हापशीवर हशा उसळला. बाई महिन्याची बाहेर बसली की तिलाही कावळा शिवला असंच म्हणतात, आणि जनकाबाईनं पन्नाशी ओलांडून चार वर्षं झाली होती.

“ह्या वयात शिवला वं? आमचा तं कवाचा उडून गेला बाप्पा!”

“घाटावरचे कावये लय दिवस टिकते वाटते!”

जनकाबाईनं पदर मागं सारला. भांगात सुकलेलं रक्त होतं. हसणं जागच्या जागी थांबलं. एकजण आपली भरलेली घागर तशीच सोडून दोन पावलं मागं सरली. सिंधूताई तेवढी पुढं आली. ती शेजारीण, आणि शाळेतल्या खिचडीवर जनकाबाईची जोडीदारीण. तिनं जखमेला बोट लावलं आणि हळू आवाजात विचारलं, “डोक्याले शिवला? जित्या माणसाच्या डोक्याले?”

जनकाबाईला कळेना की ह्यात एवढं हळू बोलण्यासारखं काय आहे. रात्री आडवी झाल्यावर कळलं. म्हणजे कोणी सांगितलं नाही, आपोआप कळलं: कावळा शिवतो तो मेलेल्याच्या पिंडाला.

दुसऱ्या दिवसापासून कावळे तिची वाट पाहू लागले. शाळेच्या वळणावर एक बसलेला असायचा. ती दिसली की तो ओरडायचा आणि पुढचे सावध व्हायचे. सिंधूताई बरोबरीनं चालायची, तिच्या वाटेला कोणी जात नसे. शाळेच्या स्नेहलता मॅडम मूळच्या बुलडाण्याच्या, शेगावहून स्कूटीवर यायच्या. त्यांनी मोबाइलात वाचून सांगितलं, “काकू, कावळे चेहरा लक्षात ठेवतात. घाबरू नका. महिना-दीड महिन्यात विसरतील. तोवर छत्री वापरा.”

“महिना-दीड महिना?” जनकाबाई म्हणाली.

महिना-दीड महिन्याचा हिशेब तिच्या मनात वेगळाच चालला होता. तिची एकुलती एक लेक, धम्मशीला, मेहकरला दिलेली. दोनदा तिचं पोट खाली झालं होतं. तिसऱ्यांदा राहिलं ते आठव्या महिन्यापर्यंत आलं. दवाखान्यातून बजावून सांगितलं होतं, धक्का नको, दगदग नको, रडारड नको. येत्या आठवड्यात जावई तिला गाडी करून हळूहळू आणून सोडणार होता, बाळंतपणाला. जनकाबाईनं डिंक आणून ठेवला होता, जुन्या लुगड्यांची दुपटी शिवून ठेवली होती. आणि नेमकं आता हे. आपण मधेच गेलो तर पोरगी कोणाच्या दारात येईल? सासू नाही तिला. तिसरं लेकरूही हातचं गेलं तर?

छत्री घेतली तर कावळे जास्तच चवताळले. काळी छत्री पाहून त्यांना काय वाटलं कोण जाणे. मग जनकाबाई डोक्यावर परात धरून शाळेत जाऊ लागली. परातीवर टण् टण् चोची पडायच्या आणि पोरं टाळ्या पिटायची.

पाचव्या दिवशी, शाळेच्या नळावर परात धुवायला ती वाकली तेव्हा कावळा बसला. टोच मारून गेला नाही, चक्क बसला. अंबाड्यात नख्या रुतवून त्यानं पंख दोनदा फडफडवले. त्याचं वजन तिला कळलं. एवढंसं वजन, पण मानेपासून टाचेपर्यंत उतरलं. सिंधूताईनं उलथनं फेकून मारलं तेव्हा तो उडाला.

“बसला वं,” सिंधूताई खाली बसत म्हणाली. तिचा चेहरा राखेसारखा झाला होता. “आता काही कराच लागते जनकाबाई. हे सादं नाही.”

“आमच्यात हे मानत नाही,” जनकाबाई म्हणाली. परात मात्र तिनं पुन्हा डोक्यावर धरली होती.

“तुमच्यात मानत नाही हे कावयाले माईत हाय का?”



सिंधूताईनं मग तोड सांगितली. तिच्या आजीपासून चालत आलेली. जित्या माणसाच्या डोक्यावर कावळा बसला की मरण त्याचं घर पाहून गेलं असं समजायचं. मग आपणच पुढं होऊन खबर पाठवायची, अमकी बाई गेली. दूरच्या सोयऱ्याला. तो सोयरा रडला की मरणाला वाटतं, आपलं काम झालं. ते परत फिरतं. रडणं झालं की लगेच दुसरा निरोप द्यायचा, खोटं होतं, बाई जिती आहे. सोयरे चार शिव्या देतात आणि हसतात. संपलं.

“पन रडनं खरं पायजे बरं,” सिंधूताई बोट उगारून म्हणाली. “सांगून सवरून रडलं तं चालत नाही. खरंखुरं डोयातून पानी आलं पायजे. कोनाले कळवू? तुयासाठी रडनारं कोन हाय?”

जनकाबाईनं विचार केला. माहेरी आईबाप कधीच गेलेले. भाऊ एक होता, तोही मागल्या साली गेला, घराला कुलूप. नवरा जानराव तीन वर्षांआधी शेतातल्या पंपाच्या मोटारीचा करंट लागून जागीच गेला. पस्तीस वर्षं ज्या गावात काढली तिथं ती मेली तर बाया येतील, बसतील, घाटावरची गेली म्हणतील आणि भाकरी टाकायला उठून जातील. खरंखुरं रडेल अशी एकच होती.

“धम्मशीलेले नाही,” ती म्हणाली. “सिंधे, तिले सांगशीन तं मी तुया दारात जीव देईन.”

“मी काय बह्याड हाय का? पोटुशी पोरीले सांगतील का कोनी! दुसरं कोन?”

“उत्तमराव भाऊजी,” जनकाबाई म्हणाली.

उत्तमराव म्हणजे जानरावचा थोरला भाऊ, तिचा भासरा, वरवट बकालला राहणारा. विहारात वंदना घेणारा, पंचशीलाला जागणारा, कडक माणूस. तीन वर्षांपासून तो जनकाबाईशी बोलत नव्हता. कारणही कावळ्याचंच. जानराव गेल्यानंतर, त्याच्या पुण्यानुमोदनाच्या दिवशी जनकाबाईनं छपराच्या टिनावर भाकरीचा तुकडा आणि थोडी भाजी टाकलेली त्यानं पाहिली होती. भर मांडवात तो कडाडला होता, “बावीस प्रतिज्ञातली एक तरी आठवते का तुले? मेलेल्या माणसाले कावयाच्या तोंडून जेवू घालतं?” ती म्हणाली होती, “कावया भुकेला दिसला भाऊजी, म्हणून टाकलं.” त्यानं ते मानलं नाही. खरं सांगायचं तर आपण तो तुकडा कशासाठी टाकला हे तिलाही नीट सांगता आलं नसतं.

“थो रडन का?” सिंधूताईनं विचारलं.

“नाही रडनार. पन दुसरं कोनी नाही. अन् थो नाही रडला तं कोनाचं नुकसानबी नाही.” मग ती हळूच म्हणाली, “मला भेव लागून राह्यलं वं सिंधे.”

‘मला’ म्हणाली. सिंधूताई हसली नाही.

दुपारी पोरांना खिचडी वाढून झाली, भांडी घासून झाली, आणि दोघी शाळेच्या स्वयंपाकखोलीत दार लावून बसल्या. सिंधूताईनं आधी जनकाबाईचा मोबाइल बंद करायला लावला. “मेलेल्या माणसाचा फोन वाजते का?” मग स्वतःच्या मोबाइलवरून उत्तमरावला लावला आणि स्पीकर केला.

“भाऊ, जयभीम. मी सिंधू बोलून राह्यली, जनकाबाईच्या शेजारची.”

“जयभीम. बोला.”

“जनकाबाई गेली हो भाऊ.” सिंधूताईचा आवाज असा कापला की जनकाबाईच्याच अंगावर काटा आला. “आत्ता गेली. बसल्या बसल्या.”

पलीकडं कुठंतरी पंखा घरघरत होता.

“कोन?”

“तुमची भावजय. जानरावची.”

मग एक आवाज आला. आधी वाटलं माणूस खोकतो आहे. पण खोकला असा लांबत नाही. उत्तमराव रडत होता. सत्तरीचा, कडक, विहारातल्या पोरांना नुसत्या नजरेनं गप्प बसवणारा माणूस लहान लेकरासारखा हुंदके देत होता आणि मधेच म्हणत होता, “तीन वर्सं... तीन वर्सं बोललो नाही वं मी तिच्यासंग... एकटी ठेवली...”

जनकाबाई उठली. “भाऊजी!” म्हणून हाक मारायला तिनं तोंड उघडलं, तर सिंधूताईनं हळदीच्या हातानं ते दाबलं. फोन कटला.

“रडला!” सिंधूताई हात जोडून म्हणाली. “उतरलं बाप्पा! खरं रडला. तू तं म्हने नाही रडनार!”

जनकाबाई भिंतीला टेकली. मरण उतरलं की नाही ते तिला माहीत नव्हतं. तिचा अंदाज चुकला होता एवढं कळलं होतं. ज्या माणसाला आपण कोणी नाही असं धरून तीन वर्षं घालवली, त्या माणसाच्या लेखी आपण कोणीतरी होतो. आणि जो खरा रडतो तो एकटा रडत नाही. तो दुसऱ्यांना सांगतो.

“फोन लाव,” ती म्हणाली. “लवकर लाव. सांग त्याईले खोटं होतं म्हनून.”

सिंधूताईनं लावला. ज्या नंबरवर तुम्ही कॉल करत आहात तो व्यस्त आहे. पुन्हा लावला. व्यस्त. पाच वेळा, सात वेळा, अर्धा तास झाला तरी व्यस्तच. त्या बाईचा गोड आवाज तेच ते सांगत राहिला. जनकाबाईनं आपला मोबाइल सुरू केला. क्षणभर तो शांत राहिला. मग वाजला, पुन्हा वाजला, वाजतच राहिला. एकामागून एक निरोप. अकरा वेळा कोणीतरी तिला फोन लावला होता. अकराही वेळा धम्मशीला.

सिंधूताईनं कपाळावर हात मारून घेतला.

धम्मशीलेचा फोन वाजत होता, पण कोणी उचलेना. मग जनकाबाईनं जावयाला लावला. देवानंद बोअरवेलच्या गाडीवर कामाला, त्या दिवशी लोणारकडं गेलेला; सासूला तो मामी म्हणायचा.

“देवानंद, मी मामी बोलून राह्यली.”

पलीकडं मशीन धडधडत होती.

“कोन?”

“मामी. जनका.”

“मामी तं गेल्या,” देवानंद म्हणाला, आणि फोन खाली पडल्याचा आवाज आला. लांबून कोणीतरी ओरडलं, “काय झालं बे?”

“देवानंदा, भूत नाही रे मी!” जनकाबाई जिवाच्या आकांतानं किंचाळली. “जिती हाय! आत्ता खिचडी खाल्ली मी! धम्मा कुठी हाय?”

त्यानं फोन उचलला. “धम्मा निंगाली मामी. वरवटच्या मोठेबाबाचा फोन आला अन् ती खाली बसली म्हने. मंग उठली अन् निंगाली. शेजारच्या मयुरीचं आयकलं नाही तिनं, मंग मयुरीनंच जीपमधी बसवून देलं खामगावच्या.”

“एकटीले?”

“एकटीले. तिचा फोन घरीच राह्यला चार्जिंगले. मी निंगतो मोटरसायकलनं, पन मी लोणारच्याबी पलीकडं हाय.”

मेहकरहून खामगाव म्हणजे दोन तासांचा रस्ता, तिथून गाडी बदलून शेगाव, मग गाव. जीपमध्ये माणसं कशी कोंबतात हे जनकाबाईला माहीत होतं. मधे घाट उतरायचा. आठवा महिना. आणि त्या जीपमध्ये कोणालाही माहीत नाही की ह्या पोरीची आई मेलेली नाही. तिच्या डोळ्यांपुढं ती जीप उभी राहिली, आत चेपून बसलेली लेक, पोटावर हात. पुढचं तिला पाहवेना.

ती घराकडं पळत सुटली. वाटेत कावळे ओरडले असतील, तिनं वर पाहिलं नाही. परातही शाळेतच राहिली होती.

दारात पोचते न पोचते तोच मोटरसायकल आली. उत्तमराव. हँडलला पिशवी, पिशवीत पांढरी साडी, मेणबत्त्या आणि अगरबत्तीचा पुडा. त्यानं दारात उभी असलेली जनकाबाई पाहिली आणि गाडी हातातून सुटून आडवी झाली. मेणबत्त्या गटाराजवळ गडगडल्या.

“जनका?”

“हाव भाऊजी.”

तो हळूहळू जवळ आला. छपरीच्या खांबाला त्यानं घट्ट धरलं. “मंग कोन गेलं?”

“कोनी नाही.” तिनं मान खाली घातली आणि एका दमात सांगून टाकलं. कावळा, डोकं, सिंधूताईची तोड, सगळं. आता हा थोबाडीत देईल, देऊ दे, असं तिला वाटत होतं. बावीस प्रतिज्ञा काढेल, जानरावच्या नावानं लाज काढेल.

उत्तमराव खांब धरून उभा राहिला. मग म्हणाला, “म्या पोरीले फोन केला.”

“माईत हाय.”

“आठवा हाय ना तिले?”

“हाव.”

त्याच्या चेहऱ्यावर तिला जे दिसलं त्यानं ती जास्त घाबरली. आजवर हा माणूस भ्यालेला तिनं पाहिला नव्हता.

“बस मांगं,” तो गाडी उचलत म्हणाला.

भासऱ्याच्या मागं गाडीवर बसायची रीत नाही. जनकाबाई बसली. डोक्यावरचा पदर वाऱ्यानं उडाला, तो तिनं सावरला नाही. वरवट बकाल मागं पडलं, पूल आला, शेगावचा रस्ता लागला. एकदाच उत्तमरावनं मान न वळवता विचारलं, “कावयाले थो घास तू जानरावसाठीच टाकला होता ना?”

“हाव,” ती म्हणाली. आता खोटं बोलायची ताकद नव्हती.

“हं,” तो म्हणाला आणि गाडी जोरात पळवू लागला.

शेगावच्या बसस्टँडवर खामगावकडून येणारी प्रत्येक गाडी त्यांनी पाहिली. जनकाबाई दाराशी उभी राहून उतरणाऱ्या एकेका बाईचं पोट पाहायची. दर्शनाला आलेली माणसं तिला ढकलून पुढं जायची. जीप आल्या, एस. टी. आल्या, तीन ऑटो आले. एका पोटुशी बाईला ती “धम्मा!” म्हणून जाऊन धरणार होती, ती भलतीच निघाली आणि दचकून मागं सरली. उत्तमराव चौकशीच्या खिडकीवर, रिक्षावाल्यांपाशी, पुन्हा खिडकीवर असा फिरत होता. चार वाजले. गाडी येईना आणि फोनही येईना. मोबाइल ती मुठीत धरून होती; वाजत नव्हता म्हणून भ्यायची, आणि वाजला तर काय ऐकावं लागेल म्हणूनही.

वाजला. देवानंद.

“मामी, खामगावच्या सरकारी दवाखान्यातून फोन आला मले. नर्स होती. कया येऊन राह्यल्या म्हने, घरचं कोनी या. म्या सांगतलं का मामी जित्या हाय, धम्माले सांगा, पन लाइन कटली. आयकलं का नाही काय माईत.”

“आन् लेकरू?”

“ते काही नाही सांगतलं.”

शेगावहून खामगाव अर्ध्या तासाचंही नाही. जनकाबाईला ते जालन्याहून लांब वाटलं. तिनं उत्तमरावच्या सदऱ्याची पाठ मुठीत धरली होती. दवाखान्यात उतरल्यावर ती मूठ तिला बोटं एकेक करून सोडवावी लागली.

बायांच्या वॉर्डात खिडकीजवळच्या खाटेवर धम्मशीला होती. सलाईन लावलेलं. एका पायात चप्पल तशीच. पोट चादरीखाली होतं, जनकाबाईनं आधी ते पाहिलं. होतं. मग चेहरा पाहिला.

धम्मशीला ओरडली नाही. पापणी न हलवता ती आईकडं पाहत राहिली.

“हात दे,” ती म्हणाली.

जनकाबाईनं हात दिला. पोरीनं तो उलटा केला, सुलटा केला, मनगटाजवळ जोरात चिमटा घेतला. “गरम हाय,” ती स्वतःशीच म्हणाली. मग तिचा ओठ वाकडा झाला आणि ती रडू लागली. शेजारच्या खाटेवरची बाई उठून बसली. “रडू नोको वं, रडू नोको, कया वाढतील,” जनकाबाई तिच्या केसांवरून हात फिरवत राहिली.

रडणं कमी झाल्यावर धम्मशीलेनं आईच्या मागं उभ्या असलेल्या उत्तमरावकडं पाहिलं.

“मोठेबाबा, तुमाले कोनं सांगतलं?”

दर रविवारी विहारात पंचशील म्हणायला उत्तमराव पुढं असतो, आणि त्यात खोटं न बोलण्याचं शीलही आलंच. त्यानं घसा खाकरला. “माहंच आयकाले चुकलं बेटा. दुसऱ्याच कोन्या जनकाबाईचं सांगत होते ते. म्या पुरतं आयकलंच नाही.”

जनकाबाईनं झटकन मान वळवून त्याच्याकडं पाहिलं. तो खिडकीबाहेर पाहत होता.

“पुरतं आयकलं नाही?” धम्मशीलेचा आवाज चढला. “पुरतं आयकलं नाही अन् फोन केला मले? मोठेबाबा, माहे दोन गेले तुमाले माईत नाही का? लाज नाही वाटली? तुमी मारलं असतं माह्या लेकराले!”

उत्तमराव खाली मान घालून ऐकत राहिला. वॉर्डातल्या सगळ्या बाया त्याच्याकडं पाहत होत्या. नुसतं गप्प बसलं तरी हे असंच राहणार होतं. पोरीला कधीच कळलं नसतं, आणि त्यानं मरेपर्यंत सांगितलं नसतं. जनकाबाईला ते स्पष्ट दिसत होतं.

“त्याईले नोको बोलू,” ती म्हणाली. “म्याच सांगाले लावलं.”

“काय?”

“मी मेली म्हनून. सिंधूच्या फोनवरून म्याच सांगाले लावलं. कावया बसला होता डोक्यावर. मले वाटलं, मरन येईन. तुया बाळंतपनाच्या आंधीच. म्हनून.”

धम्मशीलेनं तिच्याकडं पाहिलं ते मघाशी, मेलेली आई समोर आली तेव्हा, पाहिलं होतं त्याहूनही परकेपणानं.

“तुले वाचाचं होतं,” ती शेवटी म्हणाली, “म्हनून मले मारून राह्यली होती का तू?”

तिनं आईच्या हातातला हात काढून घेतला आणि पोटावर ठेवला.

नर्स आली. तिनं चादर बाजूला केली, पोटावर थंड काहीतरी लावलं आणि हातातलं छोटं यंत्र टेकवलं. आधी नुसती खरखर. यंत्र इकडं सरकलं, तिकडं सरकलं. जनकाबाईनं डोळे मिटून घेतले. उत्तमराव भिंतीकडं तोंड करून उभा राहिला. मग खरखरीतून काहीतरी धावत आलं, घाईघाईनं, घोड्यासारखं.

“ठोके चांगले आहेत,” नर्स म्हणाली. “कळा थांबल्यात. पण दोन दिवस हलवायचं नाही, आणि रडायचं तर अजिबात नाही. पेशंटजवळ एकानंच थांबा. कोण थांबतंय?”

नर्सनं पुन्हा विचारलं.

धम्मशीला भिंतीकडं वळली होती. “देवानंद येईस्तोर ऱ्हाय,” ती म्हणाली. “मंग जाय.”

उत्तमराव चहा आणतो म्हणून बाहेर गेला. जनकाबाईनं खाटेखालून लोखंडी स्टूल ओढलं, आवाज होऊ न देता, आणि त्याच्या कडेवर टेकली. देवानंदला यायला अजून दीड तास होता.